लोइस वेबरबाईंचे कीर्तन

कीर्तनाला जाणारी माणसे दोन प्रकारची असतात. काही पूर्वरंगासाठी जातात, काही उत्तररंगासाठी. आमच्या गावच्या विठ्ठलमंदिरात चातुर्मासात कीर्तने होत, तेव्हा माझी आजी पहिल्या प्रकारात मोडे आणि मी दुसऱ्या. बुवांनी अभंग घेऊन निरूपण सुरू केले की आजी हात जोडून बसे आणि मी तिच्या मांडीवर डोके टेकून झोपी जाई. मध्यंतरात बुक्का लावून झाला, आख्यानाला आरंभ झाला, की आजी मला हलवून उठवी. पूर्वरंगात बुवांनी सांगितलेल्या वैराग्यातला एक शब्द आज मला आठवत नाही. पण सुदाम्याच्या फाटक्या उपरण्याच्या गाठीतले पोहे मात्र अजून दिसतात. सोन्याच्या द्वारकेत तो गरीब ब्राह्मण ती गाठ काखेत लपवू पाहतो, आणि कृष्ण ती ओढून घेतो. गरिबी म्हणजे काय, हे मला बुवांच्या निरूपणाने कळले नाही. त्या लपवलेल्या गाठीने कळले.

हे आज आठवायला कारण झाली एक अमेरिकन बाई. तिचे नाव लोइस वेबर. मूकपटांच्या काळात वेबरबाई दिग्दर्शन करीत, आपल्या चित्रपटांच्या कथा-पटकथा पुष्कळदा स्वतःच लिहीत, आणि सुरुवातीच्या अनेक चित्रपटांत भूमिकाही करीत. १९१६ च्या सुमारास युनिव्हर्सल कंपनीत सर्वांत अधिक पगार घेणारे दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव घेतले जाई. आज सिनेमाची आवड असलेल्या दहा माणसांना विचारा. चॅप्लिन दहाही जणांना ठाऊक असेल, ग्रिफिथ चौघांना, वेबरबाई एखाद्यालाच. अशा वेळी लेखकाने 'विस्मृतीत गेलेली थोर कलावती' म्हणून गळा काढायचा असतो. मी तो काढणार नाही. वेबरबाईंचे काही चित्रपट मला फार आवडले, काही मुळीच आवडले नाहीत, आणि एका चित्रपटाने मला रात्रभर झोप येऊ दिली नाही. या तिन्ही गोष्टींचे कारण एकच आहे, असे मला वाटते. ही बाई जन्मभर पूर्वरंग सांगायला उभी राहिली, आणि तिची सारी शक्ती उत्तररंगात होती.

मी मॅट्रिकपर्यंत शिकलेला चित्रकला-शिक्षक आहे. चित्रपटाचे शास्त्र मला येत नाही. चार कादंबऱ्या लिहिल्या असल्यामुळे गोष्ट कशी सांगावी, याचा थोडा विचार केला आहे, आणि मुलांना वस्तुचित्र शिकवता शिकवता एखादी वस्तू नीट पाहावी कशी, याचाही. तेवढ्या भांडवलावर हा लेख लिहितो आहे.

वेबरबाईंचा जन्म १३ जून १८७९ रोजी पेनसिल्व्हेनिया राज्यातील अ‍ॅलेगेनी सिटी येथे झाला. घर धर्मनिष्ठ होते. मुलगी पियानो उत्तम वाजवी, गळाही गोड होता. तरुणपणी ती ख्रिस्ती प्रचारकांच्या एका पथकाबरोबर गरीब वस्त्यांतून, रस्त्याच्या कोपऱ्यांवर उभी राहून भजने गाई. पुढे ती नाटकात गेली, तीही पोटापेक्षा उपदेशाच्या ओढीनेच. १९०४ साली नट आणि रंगमंच-व्यवस्थापक फिलिप्स स्मॉली यांच्याशी तिचे लग्न झाले. १९०८ च्या सुमारास ती गोमाँ या फ्रेंच कंपनीच्या अमेरिकेतील शाखेत शिरली आणि तेथून नवराबायको 'रेक्स' या कंपनीत आली. १९१२ साली 'रेक्स' युनिव्हर्सलमध्ये विलीन झाली. या काळातील पुष्कळ चित्रपटांवर दिग्दर्शक म्हणून दोघांची नावे आहेत. लेखणी मात्र बहुतांशी बाईंचीच असे.

रस्त्याच्या कोपऱ्यावर भजन गाणाऱ्या मुलीला पंचवीस-तीस माणसांचा घोळका मिळत असेल. सिनेमाने तिला लाखोंचा घोळका दिला. सिनेमा हे आपले व्यासपीठ आहे, ही भावना त्यांनी कधी लपवली नाही. दारूबंदी, संततिनियमन, फाशीची शिक्षा, कामकरी मुलींचे पगार, श्रीमंतांचा दंभ अशा प्रत्येक प्रश्नावर त्यांना काही सांगायचे होते. त्या काळातील अमेरिकेत सिनेमा हा भल्या माणसांच्या दृष्टीने हलका धंदा होता. तो भल्या घरच्या बायकांनी डोक्यावर पदर घेऊन पाहावा असा करण्याची त्यांची जिद्द होती, असे आपल्या भाषेत म्हणता येईल.

पण मी ज्या चित्रपटाने सुरुवात केली, त्यात उपदेश नावालाही नव्हता. १९१३ सालचा 'सस्पेन्स' हा दहा-बारा मिनिटांचा चित्रपट. एकाकी घर, घरात आई आणि तान्हे मूल. मोलकरीण नोकरी सोडून जाते आणि जाताना किल्ली पायपुसण्याखाली ठेवते. एक भटक्या घराभोवती घिरट्या घालतो. आई नवऱ्याला कचेरीत टेलिफोन करते. बोलता बोलता तारा तोडल्या जातात. नवरा रस्त्यावरची दुसऱ्याची मोटार पळवून घराकडे निघतो, आणि मोटारीचा मालक पोलिसांना घेऊन त्याच्या मागे. कथा म्हणाल तर एवढीच. आईची भूमिका बाईंनी स्वतःच केली आहे.

या चित्रपटातील एक युक्ती सिनेमाच्या इतिहासात सांगितली जाते. पडद्याची चौकट तिरप्या रेघांनी तीन त्रिकोणांत विभागली जाते, आणि घाबरलेली बायको, टेलिफोनवरचा नवरा आणि आत शिरू पाहणारा भटक्या असे तिघेही एकाच वेळी दिसतात. पाठलाग करणारी मोटार पुढच्या मोटारीच्या आरशात दिसते, तेही तितकेच चतुर. पण माझ्या मनात राहिले ते पायपुसणे. किल्ली ठेवण्याची ती जागा प्रत्येक घराची असते. घरच्या माणसांचा एकमेकांवरचा विश्वास ज्या जागी ठेवलेला असतो, तिथेच चोराचा हात पोहोचतो. भय निर्माण करायला बाईंना खंजीर लागला नाही, पायपुसणे पुरले.

दोन वर्षांनी, १९१५ साली, 'हिपोक्रिट्स' आला आणि गाजला. हा शुद्ध पूर्वरंग. मध्ययुगातील एक साधू सत्याची मूर्ती घडवतो. मूर्ती विवस्त्र असते, कारण सत्याला वस्त्र नसते. लोक खवळतात आणि साधूचा जीव घेतात. याला जोडून आजच्या काळातील एका धर्मोपदेशकाची कथा येते. सत्याची विवस्त्र आकृती एखाद्या छायेसारखी पडद्यावर फिरते आणि राजकारण, समाज, घरसंसार यांपुढे आरसा धरते. एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करून ही आकृती पारदर्शक केलेली आहे, आणि त्या काळाच्या मानाने ते काम विलक्षण सफाईचे आहे. बोस्टनच्या महापौरांनी फिल्मच्या प्रत्येक चौकटीवर या सत्याला कपडे रंगवायला सांगितले होते, अशी हकीकत आहे. दंभावरच्या चित्रपटाला याहून चांगली जाहिरात कोण देणार?

तरीही हा चित्रपट मला दूरचा वाटला. 'सत्य', 'दंभ', 'मोह' अशा मोठ्या अक्षरांच्या गोष्टी पडद्यावर चालू लागल्या की प्रेक्षक त्यांच्याकडे आदराने पाहतो आणि स्वतःला त्यांतून अलगद वगळतो. आरसा सत्याच्या हाती होता, पण त्यात मला शेजारी दिसला, मी दिसलो नाही.

१९१६ सालच्या 'शूज' या चित्रपटात दोन्ही वेबरबाई एकाच पडद्यावर दिसतात, म्हणून तो अभ्यासण्यासारखा आहे. ईव्हा ही मुलगी स्वस्त मालाच्या दुकानात दिवसभर उभी राहून काम करते. तिच्या आठवड्याच्या पाच डॉलरवर सारे घर चालते. बाप बिछान्यावर पडून कादंबऱ्या वाचतो. (कादंबरीकाराने हे दृश्य पाहताना खाली मान घातली, हे कबूल करतो.) ईव्हाचे बूट झिजले आहेत. नव्या बुटांना तीन डॉलर लागतात. दर शनिवारी ती पगार आईच्या हाती ठेवते आणि दर शनिवारी बूट पुढच्या आठवड्यावर जातात. रोज रात्री ती पुठ्ठा कापून बुटाच्या तळाला बसवते. पाऊस येतो, पुठ्ठ्याचा लगदा होतो. घरी आल्यावर ती दुखरे पाय धुते. कामाच्या वाटेवर एका दुकानाच्या काचेआड बूट मांडलेले असतात, आणि ती तिथे क्षणभर थांबते. शेवटी एक बदफैली माणूस तिला जे देऊ करतो, ते ती नाकारू शकत नाही. नवे बूट घालून ती घरी येते, आई त्या बुटांकडे पाहते आणि सारे समजते. आणि त्याच दिवशी बाप सांगतो, की आपल्याला काम मिळाले.

या चित्रपटात एक जागा अशी आहे, की ईव्हा रात्री अंथरुणावर पडलेली असताना एक राक्षसी हात तिच्यावर झेपावतो, आणि त्या हातावर 'दारिद्र्य' असे लिहिलेले असते. मला हसू आले. ज्या बाईने पुठ्ठ्याचा लगदा दाखवला, तिला हातावर अक्षरे लिहिण्याची गरज का वाटावी? उत्तर सोपे आहे. निरूपणकाराचा श्रोत्यावर विश्वास नसतो. मुद्दा सांगून झाला तरी 'कळले ना?' असे तो पुन्हा विचारतो. आख्यानकार मात्र गाठ सोडतो, पोहे दाखवतो आणि गप्प बसतो. वर्गात मीही पुष्कळदा पहिल्या प्रकारचा शिक्षक असतो. म्हणून हा दोष मला चटकन ओळखू आला.

आता मला झोप न येऊ देणाऱ्या चित्रपटाकडे येतो. त्याचे नाव 'द ब्लॉट', म्हणजे डाग, लांच्छन. साल १९२१. तोवर वेबरबाई स्वतःची निर्मितिसंस्था काढून स्वतंत्र झाल्या होत्या. त्यांनी हा चित्रपट पुष्कळसा खऱ्या घरांत, खऱ्या उजेडात चित्रित केला. आणि पडद्यावर ते लगेच जाणवते. भिंती नाटकाच्या नाहीत, राहत्या घराच्या आहेत.

प्रोफेसर ग्रिग्ज कॉलेजात शिकवतात. वर्गातली श्रीमंत मुले त्यांच्याकडे लक्ष देत नाहीत. त्यांची मुलगी अमेलिया वाचनालयात काम करते. शेजारी ओल्सन नावाचा, परदेशातून आलेला बूट बनवणारा कारागीर राहतो. त्याच्या घरी अन्नाला तोटा नाही, दारात मोटार आहे. ग्रिग्जांच्या घरी पुस्तके आहेत आणि भूक आहे. आपल्याकडे या भुकेला फार नेमका शब्द आहे: पांढरपेशी. कष्टकऱ्याची भूक ओरडू शकते, पांढरपेशाची भूक इस्त्री करून बाहेर पडते. झाकली मूठ सव्वा लाखाची, या म्हणीवर आपल्यातल्या किती घरांनी किती वर्षे काढली आहेत!

फिल वेस्ट हा प्रोफेसरांचा सर्वांत उनाड विद्यार्थी, कॉलेजच्या विश्वस्ताचा मुलगा. अमेलियावर त्याचे मन बसते. एका पावसाळी दिवशी तो तिला मोटारीतून घरी पोहोचवतो आणि पहिल्यांदा त्या घरात पाऊल टाकतो. येथे वेबरबाई काय करतात पाहा. कोणी काही बोलत नाही. कॅमेरा फक्त झिजलेला गालिचा दाखवतो, विटलेली खुर्ची दाखवतो, बुटांची छिद्रे दाखवतो. फिल त्या वस्तू पाहतो, आणि आपण पाहतो आहोत हे घरच्या बाईला कळते. वस्तू, पाहणारा आणि पाहिले जाण्याची लाज अशा तीन कोनांचा हा त्रिकोण आहे. 'सस्पेन्स'मध्ये चौकट कापून दाखवलेल्या त्रिकोणापेक्षा तो मला अधिक धारदार वाटला.

दोन्ही घरांची स्वयंपाकघरे समोरासमोर आहेत. ओल्सनबाईंना ग्रिग्जांच्या सुशिक्षितपणाचा राग आहे आणि आपल्या घरची सुबत्ता शेजारणीला दिसेल अशी त्या खबरदारी घेतात. ग्रिग्जांची मांजर शेजारच्या कचऱ्याच्या डब्याकडे वळते. मांजरीला अब्रू नसते. माणसाला असते, एवढाच फरक. मग अमेलिया आजारी पडते, तिला पौष्टिक अन्न हवे असते, आणि ओल्सनांच्या खिडकीशी कोंबडी ठेवलेली असते. मिसेस ग्रिग्जचा हात त्या खिडकीत जातो. ती कोंबडी उचलते. आणि परत ठेवते. अमेलियाने आईला कोंबडी उचलताना पाहिलेले असते, परत ठेवताना पाहिलेले नसते. तिकडे फिल काही न बोलता घरी खाद्यपदार्थ पाठवतो. ताटात कोंबडी येते तेव्हा मुलगी ती खाऊ शकत नाही, आणि आईला तिचे कारण कळत नाही. पुढे गैरसमज दूर होतो. पण त्या एका ताटाभोवती जे घडते, ते लिहायला मला दोन प्रकरणे लागली असती, आणि तरी ते इतके खरे झाले नसते.

गेल्या उन्हाळ्याच्या सुट्टीत हा चित्रपट मी संगणकावर पाहिला. सौभाग्यवती शेवया वाळत घालून येऊन शेजारी बसली होती. कोंबडी परत खिडकीत ठेवली गेली तेव्हा मी सुटकेचा निःश्वास टाकला आणि म्हणालो, "ठेवली गं बाई परत!"

ती पडद्याकडे पाहतच म्हणाली, "ठेवली हो. पण हात गेला होता ना."

मी पुढे काही बोललो नाही. माझी नोकरीची पहिली काही वर्षे एका विनाअनुदानित शाळेत गेली. पगार कधी अर्धा, कधी मुळीच नाही. त्या दिवसांवर मी पुढे कादंबरी लिहिली. तिचा नायक शिक्षक आहे; त्याचा स्वाभिमान, त्याचे अपमान, त्याची रात्रीची येरझार यांनी ती भरली आहे. वाचकांनी तिचे कौतुकही केले. त्या कादंबरीत नायकाची बायको फार देवभोळी आहे. ती सोमवार करते, गुरुवार करते, शनिवारही करते. घरच्या माणसाचे निरीक्षण करून मी ते लिहिले होते आणि स्वभावचित्र साधले म्हणून खूश होतो. त्या दिवशी 'द ब्लॉट' संपल्यावर मी तिला विचारले, "तुझे ते उपास कधी सुटले गं?"

"तुम्हाला अनुदानित शाळा मिळाली तेव्हा," ती म्हणाली आणि शेवया उलथायला गच्चीवर गेली.

तिच्या उपासाच्या दिवशी घरात साबुदाणा भिजलेला मी कधी पाहिला नव्हता. वरीचे तांदूळ, रताळी, काहीच नाही. मुलांना केळे आणि घडा वर्षानुवर्षे नीट पाहून काढायला शिकवणाऱ्या माणसाला स्वतःच्या ओट्यावर काय नाही, ते दिसले नव्हते. म्हणूनच 'द ब्लॉट'च्या रचनेतील एक गोष्ट मला त्यातील सर्व युक्त्यांहून मोठी वाटते. गोष्ट प्रोफेसरांच्या पगाराची आहे, पण प्रोफेसर पडद्यावर फार थोडे असतात. ते पुस्तकात डोके घालून बसलेले भले गृहस्थ आहेत, आपल्या घरात काय चालले आहे याची त्यांना पुरती कल्पनाही नाही. कॅमेरा त्यांच्या बायकोमागून जातो. पगार कमी असल्याचे कागदावर नवऱ्याला कळते, पण तो पगार रोज सकाळ-संध्याकाळ पुरवावा लागतो बायकोला. हे वेबरबाईंना ठाऊक होते. मी मात्र कादंबरीचा कॅमेरा चुकीच्या खोलीत उभा केला होता.

एवढे म्हटल्यावर या चित्रपटातील दोष झाकणे बरे नव्हे. त्यातही पूर्वरंग आहेच. फिल एका नियतकालिकातला शिक्षकांच्या पगारावरचा लेख वडिलांपुढे ठेवतो, आणि विश्वस्त वडिलांनी पगार वाढवावेत म्हणून त्यांना विनवतो. श्रीमंताच्या मुलाचे मन पालटले की शिक्षकाची चूल पेटते, हा उपाय मला भाबडा वाटतो. ज्या गावात असा मुलगा कुणाच्या मुलीच्या प्रेमात पडणार नाही, तेथील शिक्षकांनी काय करावे?

दुसरा दोष अधिक खोल आहे. विद्वान उपाशी आणि बूट बनवणारा पोटभर जेवतो, हे चित्रपट लांच्छन म्हणून मांडतो. ते लांच्छन आहेच. पण त्यातील अर्धे वाक्य मला बोचते. ओल्सनने बूट बनवून चार पैसे मिळवले, यात त्याचा काय अपराध? परदेशातून आलेल्या कारागिराची सुबत्ता ओबडधोबड आणि जुन्या घराण्याचे दारिद्र्य नाजूक, अशी वाटणी वेबरबाई करतात. शिक्षक म्हणून माझे मन चटकन त्या वाटणीकडे झुकले, म्हणून तर ती तपासून पाहिली पाहिजे. 'शूज'मधल्या ईव्हाला ज्यांनी इतके समजून घेतले, त्यांना बूट शिवणारा पूर्ण समजला नाही. १९१६ च्या 'व्हेअर आर माय चिल्ड्रन?' या गाजलेल्या चित्रपटातही संततिनियमनाचा कैवार घेताना कोणी मुले होऊ द्यावीत आणि कोणी नाही, याची अशीच एक नकोशी प्रतवारी डोकावते. उपदेशकाच्या आसनावर बसले की माणसांच्या रांगा लावण्याचा मोह होतो. मात्र 'द ब्लॉट'मध्ये बाईंची कला त्यांच्या मताला ओलांडून जाते. रागीट ओल्सनबाईंनाही शेवटी एक कोमल क्षण मिळतो, आणि तो उपदेशाने आलेला नाही. दोन स्वयंपाकघरांच्या मधल्या त्या खिडकीने तो आणला आहे.

आणि शेवट! अमेलियावर आणखी एकाचे प्रेम असते, एका गरीब, तरुण धर्मोपदेशकाचे. त्याचेही बूट झिजलेले. चित्रपट सुखान्त आहे, मुलीने फिलला पसंत केले आहे, पगाराची आशा दिसते आहे. आणि वेबरबाई कॅमेरा कोणाकडे वळवतात? रस्त्याने एकट्याच चालत जाणाऱ्या त्या धर्मोपदेशकाकडे. सगळ्यांना न्याय मिळाला असे सांगून प्रेक्षकाला घरी पाठवणे त्यांना साधले असते. एका जन्मजात उपदेशिकेने आपल्या सर्वांत मोठ्या कीर्तनाचा शेवट आरतीने न करता एका पाठमोऱ्या माणसाने करावा, हे मला त्यांच्या कलेचे शिखर वाटते.

या शिखरानंतर उतार लगेच लागला. वेबरबाईंचे चित्रपट वितरित करणाऱ्या पॅरामाउंट कंपनीने हात काढून घेतला होता. 'द ब्लॉट' एफ. बी. वॉरन या लहान वितरकाने आणला. महायुद्धानंतरच्या अमेरिकेला जॅझ हवे होते, झिजलेला गालिचा नको होता. मोठ्या भांडवलाच्या कंपन्यांनी धंदा ताब्यात घेतला, तसतशी बायकांसाठी दिग्दर्शनाची दारे बंद होत गेली. १९२२ साली स्मॉलींशी त्यांचा घटस्फोट झाला. मध्ये काही काळ त्या पार खचल्या. 'द मॅरेज क्लॉज' (१९२६) आणि 'सेन्सेशन सीकर्स' (१९२७) यांनी थोडे नाव परत मिळाले. बोलपट आले, १९३४ सालचा 'व्हाइट हीट' हा त्यांचा शेवटचा चित्रपट. १३ नोव्हेंबर १९३९ रोजी हॉलिवुडमध्ये त्या वारल्या तेव्हा हाती काही उरले नव्हते. अंत्यविधीचा खर्च फ्रान्सिस मॅरियन या पटकथालेखिका मैत्रिणीने केला. युनिव्हर्सलमध्ये सर्वांत मोठा पगार घेतलेल्या बाईची मूठ शेवटी अशी झाकली गेली.

त्यांच्या चित्रपटांपैकी बहुतेक नष्ट झाले. 'द ब्लॉट'ही गेलाच, असे मानले जात होते. १९७५ साली तो सापडला आणि १९८६ मध्ये केव्हिन ब्राउनलो आणि डेव्हिड गिल यांनी त्याची दुरुस्त प्रत तयार केली. जतन करण्याजोग्या चित्रपटांच्या अमेरिकेतील राष्ट्रीय यादीत 'व्हेअर आर माय चिल्ड्रन?' १९९३ साली, 'शूज' २०१४ साली आणि 'सस्पेन्स' २०२० साली घेतले गेले. आता हे चित्रपट घरबसल्या पाहता येतात. दिवाळीच्या सुट्टीत, फराळाची भांडी आवरून झाल्यावर, घरातल्या सगळ्यांनी मिळून 'द ब्लॉट' पाहावा, असे मी सुचवीन. मूकपट असल्यामुळे मध्ये बोलायला हरकत नाही. उलट, घरच्या बाईमाणसांना बोलू द्यावे. माझ्या घरी तरी चित्रपटाची सर्वांत चांगली समीक्षा गच्चीवर शेवया उलथणाऱ्या बाईने केली.

माझी ती कादंबरी आता दुसऱ्यांदा छापायची म्हणून प्रकाशक मागे लागले आहेत. मी त्यांच्याकडे थोडा वेळ मागितला आहे. नायकाच्या येरझारा बऱ्याच कमी करायच्या आहेत, आणि गुरुवारच्या प्रकरणात फक्त एवढेच घालायचे आहे, की ओट्यावर साबुदाणा भिजत घातलेला नव्हता.